दिसते ते सांगू नये

भीष्मपर्वाच्या आरंभी व्यास धृतराष्ट्राकडे येतात आणि युद्ध पाहण्याची इच्छा असेल तर तुला दृष्टी देतो, असे म्हणतात. अंध राजा ती देणगी नाकारतो. आप्तांचा संहार डोळ्यांनी पाहण्याचे धैर्य त्याच्यापाशी नाही. वृत्तान्त मात्र त्याला सगळा हवा आहे. म्हणून ती दिव्य दृष्टी संजयाच्या वाट्याला येते आणि संजय बोलू लागतो. वाचकांनी घटकाभर अशी कल्पना करावी की, धृतराष्ट्राने ती दृष्टी स्वीकारली असती आणि तरीही संजयाला शेजारी बसवून ठेवले असते. मग संजयाने काय सांगायचे? भीष्म शरपंजरी पडले, हे राजाला दिसतेच आहे. कर्णाच्या रथाचे चाक भूमीने गिळले, हेही दिसते आहे. गप्प बसावे तर चाकरी कशाची, आणि बोलावे तर राजा म्हणणार, 'अरे, मला डोळे आहेत!'

प्रश्न काल्पनिक खरा. परंतु विसाव्या शतकाच्या मध्यास इंग्लंडमध्ये काही मंडळींपुढे तो पोटापाण्याचा प्रश्न होऊन उभा राहिला. नभोवाणीच्या जोडीला दूरचित्रवाणी आली आणि क्रीडांगणावरील संजयासमोर एकाएकी डोळस धृतराष्ट्र येऊन बसला. त्या पहिल्या पिढीतील एका समालोचकाची हकिगत या वेळी सांगावी, असे आमच्या मनात आहे. केनेथ वुल्स्टनहोम हे त्यांचे नाव. इंदूर-ग्वाल्हेरकडील वाचक कदाचित म्हणतील की, फुटबॉल हा काही आपल्या घरातला खेळ नव्हे. गोमंतकातील आमचे वाचक हे वाक्य वाचून रागावतील, आणि त्यांचा राग रास्त असेल. तथापि आमचा विषय खेळापेक्षा बोलण्याचा आहे. तेव्हा दोन्ही पक्षांनी थोडे सबुरीने घ्यावे.

बोलणारा संजय आपल्या चांगल्या परिचयाचा आहे. मुंबईच्या क्रिकेट सामन्यांचे इंग्रजी वर्णन एकट्याने दिवसभर करणारे बॉबी तल्यारखान हे आपल्या देशातील या कलेचे आद्य पुरुष. ध्वनिक्षेपक दुसऱ्याबरोबर वाटून घेणे त्यांना मान्य नव्हते. एकाहून अधिक समालोचक बसवायचे ठरले तेव्हा ते सरळ बाजूला झाले. पुढे बाळ ज. पंडित यांनी आकाशवाणीवरून क्रिकेटचे धावते वर्णन मराठीत केले आणि हा खेळ आपल्या भाषेत सांगता येतो, हे घरोघरी पटवून दिले. इंदूरच्या सुशील दोशी यांनी तेच कार्य हिंदीत केले. 2016 साली त्यांना पद्मश्री मिळाली तेव्हा इंदूरच्या मराठी घरांतूनही आनंद झाला असणार. या साऱ्यांनी ऐकणाऱ्याला मैदान दाखविले. चेंडू कोठे पडला, कोण धावला, आभाळ कसे होते, हे सगळे शब्दांनी उभे करावयाचे. शब्द थांबला की श्रोत्याच्या डोळ्यांपुढे अंधार.

इंग्लंडमध्ये फुटबॉलच्या सामन्याचे पहिले धावते वर्णन बी.बी.सी.ने 22 जानेवारी 1927 रोजी लंडनच्या हायबरी मैदानावरून प्रक्षेपित केले. आर्सेनल आणि शेफील्ड युनायटेड यांच्यातील तो सामना एक-एक असा बरोबरीत सुटला. श्रोत्यांच्या सोयीसाठी नभोवाणीच्या साप्ताहिकात मैदानाचा नकाशा चौकोन पाडून छापला होता. मुख्य समालोचक वेकलम खेळाचे वर्णन करीत आणि शेजारी बसलेला दुसरा माणूस चेंडू ज्या चौकोनात असेल त्याचा आकडा मध्येच पुकारी. श्रोते मांडीवर नकाशा पसरून बोटाने चेंडूचा पाठलाग करीत. आपल्याकडे पंचांग पाहावे, तसे! आज हे हास्यास्पद वाटेल. पण ऐकणाऱ्याच्या आंधळेपणाचा इतका काळजीपूर्वक विचार पुढे क्वचितच कोणी केला असेल.

त्या काळातील समालोचक मोकळ्या जिभेचे होते. 1938 च्या एफ.ए. चषकाच्या अंतिम सामन्यात प्रेस्टन आणि हडर्सफील्ड यांच्यापैकी कोणालाच गोल करता येईना. जादा वेळही संपत आला. तेव्हा बी.बी.सी.चे टॉमस वुडरूफ बोलून गेले की, आता गोल झाला तर मी आपली टोपी खाईन. शब्द विरतात न विरतात तोच प्रेस्टनला पेनल्टी मिळाली आणि गोल झाला. वुडरूफ यांनी पुढे खरोखरच टोपी खाल्ली. ती केकची बनविलेली होती, एवढीच काय ती सवलत.

तोच 1938 चा अंतिम सामना दूरचित्रवाणीवरही दाखविला गेला. परंतु संच होते लंडन परिसरातील थोड्या श्रीमंतांकडे. 1939 च्या सप्टेंबरात महायुद्ध सुरू होताच ते प्रक्षेपण बंद पडले, ते 1946 च्या जूनपर्यंत. या सात वर्षांत वुल्स्टनहोम काय करीत होते, हे पाहिले पाहिजे, कारण त्यांच्या आवाजाचे मूळ आम्हांस तेथे दिसते.

त्यांचा जन्म 1920 साली लँकाशायरमधील वर्स्ली या गावी झाला. मँचेस्टरच्या एका वृत्तपत्रात बातमीदार म्हणून त्यांनी प्रारंभ केला, आणि युद्ध सुरू झाल्यावर ते विमानदलात बाँबफेकी विमानांचे वैमानिक झाले. आधी ब्लेनहाइम, मग मॉस्किटो. ब्लेनहाइम विमाने 1941 साली दिवसाढवळ्या शत्रूवर पाठविली जात आणि त्यांतील कितीतरी परत येत नसत. 1944 साली त्यांची निवड 'पाथफाइंडर' दलात झाली. या दलाने इतरांच्या पुढे जाऊन, अंधारात लक्ष्य शोधून, मागून येणाऱ्या विमानांसाठी खुणेचे दिवे टाकायचे असत. वुल्स्टनहोम यांनी युद्धात एकंदर शंभर मोहिमा पार पाडल्या आणि डिस्टिंग्विश्ड फ्लाइंग क्रॉस हे शौर्यपदक त्यांना दोन वेळा मिळाले. चोविसाव्या-पंचविसाव्या वर्षी ज्याने एवढे पाहिले, त्याला पुढे एखाद्या गोलासाठी किंचाळावेसे वाटले नाही, यात आम्हांस नवल वाटत नाही. त्यांच्या आवाजात उत्साह असे, घाई नसे.

युद्धानंतर प्रथम नभोवाणी आणि 1948 पासून दूरचित्रवाणी असा त्यांचा प्रवास झाला. येथे त्यांना नवीन विद्या शिकावी लागली, आणि शिकविणारा कोणी नव्हता. समालोचकाच्या पुढ्यात एक छोटा पडदा ठेवलेला असे. मैदानात काय चालले आहे यापेक्षा त्या पडद्यावर काय दिसते आहे, त्यावरच बोलायचे; कारण घरी बसलेल्याला तेवढेच दिसते. कानाला यंत्र लावलेले, त्यातून बाहेरच्या गाडीत बसलेल्या दिग्दर्शकाच्या सूचना सतत येत असतात. गर्दीचा कोलाहल आत शिरू नये म्हणून ध्वनिक्षेपक थेट ओठांना टेकवून धरायचा. चित्र कृष्णधवल, तांबडा सदरा आणि निळा सदरा पडद्यावर सारखेच करडे. पाठीवर आकडे असत, नावे नसत. तेव्हा खेळाडूचे नाव सांगणे ही खरी सेवा होती. 'तो धावतो आहे' असे सांगणे हा प्रेक्षकाचा अपमान. दिसते ते सांगू नये, दिसत नाही तेवढेच सांगावे, आणि सांगण्यासारखे काही नसेल तर मैदानाचा आवाज ऐकू द्यावा. हा नियम लिहिण्यास सोपा आहे. ज्याला शब्दांसाठीच पैसे मिळतात, त्याने तो पाळणे किती कठीण, हे आम्हां स्तंभलेखकांना कोणी सांगायला नको.

1953 हे वर्ष त्यांच्या आणि दूरचित्रवाणीच्याही भाग्याचे ठरले. जूनमध्ये राणी एलिझाबेथचा राज्याभिषेक व्हायचा होता आणि त्यासाठी घरोघरी संच येऊ लागले होते. त्याच्या महिनाभर आधी, 2 मे रोजी, वेम्बलीवर एफ.ए. चषकाचा अंतिम सामना झाला. ब्लॅकपूलचा संघ बोल्टनविरुद्ध एक-तीन असा मागे पडला होता. अडतीस वर्षांच्या स्टॅन्ली मॅथ्यूजला हे पदक कधीच मिळाले नव्हते. अखेरच्या अवधीत उजव्या बाजूने मॅथ्यूज एकामागून एक खेळाडू चकवीत गेला आणि ब्लॅकपूलने सामना चार-तीन असा जिंकला. तीन गोल मॉर्टेन्सनने केले होते, तरी इतिहासाने सामन्याला नाव दिले मॅथ्यूजचे. पराभूत बोल्टन हे शहर वुल्स्टनहोम यांच्या जन्मगावाजवळचे. पण समालोचनात तसे काही जाणवू नये, एवढे पथ्य त्यांनी सांभाळले.

त्याच वर्षी 25 नोव्हेंबरला हंगेरीचा संघ वेम्बलीवर आला. युरोपच्या मुख्य भूमीवरून येऊन इंग्लंडला इंग्लंडमध्ये हरविणे तोवर कोणालाच साधले नव्हते. हंगेरीने सहा-तीन असा विजय मिळविला. त्यातील एका गोलाच्या वेळी पुश्काशने पायाच्या तळव्याने चेंडू मागे ओढला आणि इंग्लंडचा कर्णधार बिली राइट जेथे चेंडू नव्हताच तेथे घसरत गेला. आपल्या राष्ट्राची अब्रू जात असता परकीयाच्या कौशल्याला मनापासून दाद देणे, ही समालोचकाची कसोटी होय. त्या दिवशी बी.बी.सी.वर आवाज वुल्स्टनहोम यांचा होता आणि ती दाद त्यांनी दिली. हाच पुश्काश त्यांना पुन्हा भेटला 1960 साली ग्लासगोच्या हॅम्पडन पार्कवर. रिअल माद्रिदने फ्रँकफुर्टच्या आइनट्राख्टला सात-तीन असे हरवून युरोपीय चषक घेतला. सातांपैकी चार गोल पुश्काशचे आणि तीन दि स्टेफानोचे. सव्वा लाखावर लोक मैदानात होते.

एवढे असूनही इंग्लंडच्या साखळी सामन्यांचे चालक दूरचित्रवाणीला दारात उभे करायला तयार नव्हते. घरी बसून फुकट पाहायला मिळाले तर तिकीट काढून कोण येणार, ही त्यांची भीती. नाटक कंपन्यांना बोलपटांची वाटत असे, तीच. अखेर तोडगा निघाला की, सामना चित्रित करावा आणि त्याचा निवडक भाग संध्याकाळी दाखवावा. कोणता सामना दाखविणार, हे मात्र आधी जाहीर करू नये. 'मॅच ऑफ द डे' या नावाचा हा कार्यक्रम 22 ऑगस्ट 1964 रोजी बी.बी.सी.च्या नव्या दुसऱ्या वाहिनीवर सुरू झाला. लिव्हरपूलच्या अ‍ॅनफील्ड मैदानावर उभे राहून वुल्स्टनहोम यांनी प्रेक्षकांचे स्वागत केले आणि बीटल्सच्या गावाचा उल्लेखही करून घेतला. लिव्हरपूलने आर्सेनलला तीन-दोन असे हरविले. ती वाहिनी त्या वेळी लंडन भागापुरतीच दिसत असे. पाहणारे वीसेक हजार होते, असे सांगतात. मैदानात त्याच्या दुपटीहून अधिक माणसे होती! चालकांची भीती किती अनाठायी होती, हे पहिल्याच दिवशी दिसून आले. तो कार्यक्रम आजतागायत चालू आहे.

आणि मग 30 जुलै 1966. विश्वचषकाचा अंतिम सामना, इंग्लंड विरुद्ध पश्चिम जर्मनी, वेम्बली. ब्रिटनमध्ये तीन कोटींहून अधिक लोक पडद्यासमोर बसले होते. प्रथम जर्मनीचा गोल, मग हर्स्टने केलेली बरोबरी, मग पीटर्सचा गोल. इंग्लंड जिंकले असे वाटत असता अगदी शेवटच्या मिनिटाला जर्मनीच्या वेबरने पुन्हा बरोबरी केली. जादा वेळेत हर्स्टचा फटका आडव्या दांडीला लागून खाली आदळला. चेंडू रेषेच्या आत पडला की बाहेर, हा वाद साठ वर्षांनंतरही मिटलेला नाही. स्विस पंच डीन्स्ट रेषापंचाकडे धावले. अझरबैजानचे बहरामोव यांनी गोलाची खूण केली. या सबंध वेळात समालोचकाला निर्णय देण्याचा मोह किती झाला असेल! पण निर्णय पंचाचा; तो येईपर्यंत प्रेक्षकाबरोबर वाट पाहणे, एवढेच त्याच्या हाती होते.

तीन-दोन. शेवटची काही सेकंदे उरली. काही उतावळ्या प्रेक्षकांनी शिट्टी झाली असे समजून मैदानात धाव घेतली. कर्णधार बॉबी मूर याच्याकडे चेंडू होता. तो कोठेतरी दूर भिरकावून दे, असे त्याचे सहकारी ओरडत होते. मूरने मात्र मान वर करून पाहिले आणि लांबवर एकट्या धावणाऱ्या हर्स्टकडे शांतपणे चेंडू टाकला. वुल्स्टनहोम हर्स्टचे नाव घेतात. मग पडद्याच्या कडेला त्यांना ती धावती माणसे दिसतात आणि ते म्हणतात, काही लोक मैदानात आले आहेत, त्यांना वाटते आहे सगळे संपले. इतक्यात हर्स्ट फटका मारतो, जाळे हलते. 'आता संपले!' मागोमाग आकडा: चार.

इंग्रजीत हे शेवटचे तीनच छोटे शब्द आहेत, आणि मराठीत दोन होतात. त्यांत विशेषण नाही, उपमा नाही, देशाचे नाव नाही. आधीचे वाक्य त्यांनी सहज, पाहिले तसे उच्चारले होते. पुढे काय होणार, हे कोणालाच ठाऊक नव्हते. खुद्द हर्स्टने पुढे सांगितले आहे की, चेंडू जमेल तितका दूर प्रेक्षकांत जावा आणि तो परत आणण्यात वेळ निघून जावा, एवढाच त्याचा हेतू होता. म्हणजे गोलही अकल्पित आणि वाक्यही अकल्पित. मात्र एक गोष्ट अकल्पित नव्हती. त्या दोन वाक्यांमध्ये जी क्षणभर जागा रिकामी राहिली, ती ठेवण्याची सवय वुल्स्टनहोम यांनी अठरा वर्षे लावून घेतली होती. दुसरा एखादा त्या जागेत आणखी चार शब्द कोंबून बसला असता, आणि मग 'आता' या शब्दाला जागाच उरली नसती.

त्याच गोलाचे वर्णन दुसऱ्या वाहिनीवर, आय.टी.व्ही.वर, ह्यू जॉन्स करीत होते. विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात एकाच खेळाडूने तीन गोल करण्याचा प्रसंग त्यापूर्वी कधी आला नव्हता. हर्स्टचा हा तिसरा, हे जॉन्स यांनी अचूक टिपले. वुल्स्टनहोम यांनी ते त्या क्षणी सांगितले नाही. माहितीच्या दृष्टीने पाहता जॉन्स यांचे वर्णन सरस ठरते. परंतु ते आज कोणाला आठवत नाही. लोकस्मृतीचा न्याय असा विचित्र असतो. त्यानंतर मूरने चषक उंचावला तेव्हा वुल्स्टनहोम यांनी तो बारा इंची आणि अस्सल सोन्याचा असल्याचे सांगितले, आणि याचा अर्थ इंग्लंड जगज्जेते आहे, असे जोडले. चषक वस्तुतः चांदीचा होता, वर सोन्याचा मुलामा. पण त्या संध्याकाळी ही दुरुस्ती करायला कोण धजले असते?

यानंतरची पाच वर्षे वैभवाची गेली. 1967 साली लिस्बनला सेल्टिकचा विजय, 1968 मध्ये मँचेस्टर युनायटेडचा, आणि 1970 साली मेक्सिकोतील ब्राझीलचा अप्रतिम संघ. एफ.ए. चषकाचे तेवीस अंतिम सामने, युरोपीय चषकाचे सोळा आणि पाच विश्वचषक एवढी त्यांच्या नावावरची जमा. आणि 1971 साली हिशेब मिटविण्यात आला. मोठ्या सामन्यांसाठी बी.बी.सी.ला डेव्हिड कोलमन अधिक पसंत पडू लागले होते. कोलमन तरुण, धारदार, चढ्या सुराचे. रंगीत चित्राला रंगीत आवाज हवा, असे वरिष्ठांस वाटले असल्यास त्यांना सर्वस्वी दोष देता येत नाही. दुय्यम जागा स्वीकारून राहण्यापेक्षा वुल्स्टनहोम यांनी बाहेर पडणे पसंत केले. 2 जून 1971 रोजी वेम्बलीवर आयाक्सने पॅनाथिनायकोसला दोन-शून्य असे हरविले, तो त्यांचा बी.बी.सी.साठी अखेरचा मोठा सामना. वय पन्नास. गाणाऱ्याचा आवाज या वयात जातो. बोलणाऱ्याचा तर नुकता पिकू लागतो.

पुढे ईशान्य इंग्लंडमधील टाइन टीज या प्रादेशिक वाहिनीसाठी त्यांनी सामन्यांचे वर्णन केले. ज्याने सव्वा लाखाच्या गर्दीपुढे पुश्काशचे चार गोल सांगितले होते, तो आता न्यूकासल-संडरलंडकडच्या शनिवारांचे समालोचन करीत होता. काहींना यात अधोगती दिसेल. आम्हांस तसे वाटत नाही. आपल्याकडेही मोठी नाटके गाजविलेले नट उतारवयात गावोगावच्या उत्सवांत उभे राहिले आणि तेथेही त्यांनी संवादाचा एक शब्द ढिला पडू दिला नाही. 1990 नंतरच्या दशकात चॅनेल 4 वर इटलीतील फुटबॉल दाखविला जाऊ लागला, तेव्हा हा सत्तरी ओलांडलेला आवाज पुन्हा एकदा नव्या पिढीच्या कानांवर पडला.

पण खरा काटा वेगळाच होता. 1995 साली बी.बी.सी.नेच खेळांवरील एक विनोदी कार्यक्रम सुरू केला आणि त्याला नाव दिले वुल्स्टनहोम यांच्या त्या वाक्याचे. कार्यक्रमातील थट्टा बऱ्याचदा सवंग असे आणि ती त्यांना मुळीच रुचली नाही. तसे त्यांनी बोलूनही दाखविले. ज्या संस्थेने माणसाला निरोप दिला, तिनेच त्याचे वाक्य मात्र ठेवून घेतले. बोललेल्या शब्दावर बोलणाराची मालकी किती, हा प्रश्न कायद्याने कसाही सुटो; मनाला तो टोचतोच. 1996 साली त्यांनी आपल्या आठवणींचे पुस्तक प्रसिद्ध केले आणि त्याला नाव दिले तेच. आपले घर दुसऱ्याने बळकावले असता माणसाने अंगणात जाऊन बसावे, तसा हा प्रकार आम्हांस वाटतो.

आज कोणताही सामना लावावा. दोन, कधी तीन माणसे बोलत असतात. पडद्याच्या चारी कडांना आकडे धावतात. गोल झाला की बोलणाराचा आवाज प्रेक्षकांच्या गर्जनेवर चढतो. बाळ पंडित यांच्या श्रोत्याला शब्दांची गरज होती, म्हणून त्यांनी शब्द दिले. आताच्या प्रेक्षकाला सगळे दिसत असते, तरी शब्दांचा पाऊस थांबत नाही. तरुण वाचक आम्हांस जुनाट म्हणतील; त्यांनी 1966 चा तो शेवटचा मिनिट पडद्यावर लावून पाहावा. आता तो कोणालाही सहज सापडतो. डोळे मिटून एकदा ऐकावा, आणि मग आवाज बंद करून एकदा पाहावा.

केनेथ वुल्स्टनहोम 25 मार्च 2002 रोजी, वयाच्या एक्याऐंशीव्या वर्षी, इंग्लंडच्या नैर्ऋत्येस डेव्हनमध्ये वारले. मृत्युलेखांत ते वाक्य होतेच. त्या शंभर उड्डाणांचा उल्लेख बहुतेकांनी दुसऱ्या परिच्छेदात केला.